हळदीवरची अळी आणि आमचे सुभेदार

मला पाहायला आलेल्या मंडळींनी मला स्वयंपाक विचारला नाही, गाणं विचारलं नाही. सासरे सैन्यातून सुभेदार होऊन निवृत्त झालेले. त्यांनी माझ्या बी.एस्सी.च्या सर्टिफिकेटावर बोट ठेवून एकच प्रश्न केला, "प्राणिशास्त्र म्हंजे जनावरांचं डाक्टर व्हय?"

मी 'नाही' म्हणायला तोंड उघडलं, तोवर माझे वडील म्हणाले, "तसंच काहीसं."

माझे वडील सांगलीत शिक्षक होते. जन्मभर त्यांनी पोरांना 'नेहमी खरे बोलावे' हे वाक्य दहा-दहा वेळा लिहायला लावलं. स्वतःला एक खोटं बोलायची मुभा त्यांनी राखून ठेवली असावी आणि ती त्यांनी माझ्या संसाराच्या मुहूर्तावर वापरली.

बाहत्तरचा दुष्काळ सरून दोन-तीन वर्षं झाली होती. मी कृष्णाकाठच्या एका गावात नांदायला गेले. नवराही सैन्यातच; हळद उतरायच्या आत काश्मीरकडे रवाना झाला. घरात उरलो आम्ही तिघं, म्हणजे सासूबाई, सासरे आणि मी. शिवाय एक गाभण म्हैस. सासूबाईंना मी आत्या म्हणायचे, सासऱ्यांना मामा. म्हशीला नाव नव्हतं, पण घरातला तिचा हुद्दा माझ्यापेक्षा वरचा होता.

ज्येष्ठात एका दुपारी ती म्हैस अडली. मामा गोठ्यातूनच ओरडले, "सूनबाई, या. तुमचं काम निगालं."

मी गोठ्याच्या दारात जाऊन उभी राहिले. म्हशीने माझ्याकडे पाहिलं, मी म्हशीकडे पाहिलं. आम्हा दोघींनाही पुढे काय करायचं ते ठाऊक नव्हतं. शेवटी आत्यांनी मला बाजूला सारलं, पदर खोचला, कोपरापर्यंत तेल चोपडलं आणि घटकाभरात रेडकू बाहेर काढून दाखवलं. आत्या शाळेत दुसरीपर्यंत गेल्या होत्या.

त्या हात धुवायला गेल्या. मामांनी मला विचारलं, "तीन वर्सं कालिजात नेमकं काय शिकलीस गं?"

"बेडूक फाडायला, मामा. आणि झुरळ."

 मामांनी अगदी मनापासून विचारलं, "बेडूक फाडून पुढं काय करायचं असतंय?"

या प्रश्नाचं उत्तर आमच्या प्राध्यापकांनीही कधी दिलं नव्हतं.

अशा रीतीने डॉक्टरकी संपली. पण सैन्यातल्या माणसाला कुणी नुसतं बसलेलं चालत नाही. आषाढाच्या तोंडाशी मला दुसरी नेमणूक मिळाली. आमचं बाकी रान उसाचं, पण विहिरीजवळ पाऊणएक एकर हळद असायची. तिची पानं गुडघ्याएवढी वर आली होती आणि जागोजागी कुणीतरी त्यांच्या कडा दुमडून ठेवल्या होत्या. पाकिटाची कड दुमडून चिकटवावी तशा. मामांनी एक घडी उलगडली, आत हिरवी अळी दिसली आणि त्यांचे डोळे चमकले. पासष्टच्या लढाईनंतर त्यांना दुश्मन असा मिळालाच नव्हता.

"घुसखोर," ते म्हणाले. "पोझिशन घेऊन बसल्याती."

गावात शेतीचं बघणारे ग्रामसेवक यायचे. त्यांच्याकडे कुठल्याही रोगावर एकच पांढरी पावडर होती. मामा ती आणणार होते, पण आत्या आडव्या आल्या. बांधावरचं गवत म्हैस खाते, म्हशीचं दूध आपण खातो. विष आपल्या रानात येणार नाही, असं त्यांनी एका वाक्यात सांगितलं. मामांनी लढाया पाहिल्या होत्या, पण आत्यांपुढे त्यांचं धोरण कायम माघारीचं असे. मग ठरलं, अळ्या हातांनी वेचायच्या. आणि घरात किड्यांचं शिक्षण घेतलेलं माणूस होतंच.

"किडं तरी वळखतीस न्हवं?" त्यांनी खात्री करून घेतली.

मी हो म्हणाले. माझ्या पदवीला अखेर नोकरी मिळाली. सकाळी भाकरी झाल्यावर रॉकेल घातलेल्या पाण्याचा डबा घेऊन रानात जायचं, घड्या उलगडायच्या आणि आतली अळी डब्यात टाकायची. संध्याकाळी आकडा सांगायचा. मामा तो आकडा 'रिपोर्ट' म्हणून ऐकत.

पहिले दोन दिवस मी इमानाने वेचल्या. तिसऱ्या दिवशी एक अळी तळहातावर घेऊन नीट पाहिली आणि माझी पंचाईत झाली. फिकट हिरवं, गुळगुळीत, अर्धवट पारदर्शक अंग. आत खाल्लेलं पान सरकताना दिसतंय. डोकं काळं, अंगाच्या मानाने मोठं आणि मान मात्र चिमटीत धरल्यासारखी बारीक. कॉलेजात तीन वर्षं फॉर्मलिनमधली प्रेतं पाहिली होती. जिवंत काही पहिल्यांदाच हातात आलं होतं. ती मान वर करून माझ्या बोटाची कड चाचपत होती, दुमडता येते का बघायला.

मी तिला डब्यात टाकलं नाही, पदराच्या गाठीत घरी आणलं. लोणचं संपलेली एक काचेची बरणी होती. तीत हळदीचं पान घातलं, वर मलमलचं फडकं बांधलं आणि बरणी ओसरीच्या कोनाड्यात ठेवली. आकड्यात तेवढी एक कमी सांगितली. सुभेदारांच्या घरात ही सरळसरळ फितुरी होती.

फितुरी उघडकीला आली ती आवाजाने. चार-पाच दिवसांनी सांजेला मामा ओसरीवर तंबाखू मळत बसले होते. कोनाड्यातून 'टक' असा आवाज आला. थोड्या वेळाने पुन्हा 'टक'. ते उठले, बरणी खाली घेतली, डोळ्यांजवळ धरली.

"सूनबाई! ह्यो कैदी हितं कसा?"

मी खरं सांगितलं. अळीचा संसार कसा चालतो ते बघायचं आहे म्हणाले. मामा रागवायच्या बेतात होते, तेवढ्यात बरणीत पुन्हा 'टक' झालं.

"गोळीबार कशाचा चाललाय?"

"लेंडी आहे ती, मामा. घडीच्या तोंडाशी मागचं अंग आणते आणि लेंडी लांब उडवते. घरात घाण करत नाही."

मामा बरणी धरून तसेच उभे राहिले. सैन्यात त्यांनी काय काय केलं ते आम्हाला कधी फारसं कळलं नाही. पण छावणीपासून संडासाचे चर किती लांब खणायचे हे मात्र घरातल्या प्रत्येकाला तोंडपाठ होतं. गावातली माणसं सकाळी रस्त्याकडेला बसतात, यावर ते ग्रामपंचायतीत उभे राहून बोलले होते आणि त्यानंतर माणसं त्यांच्या दारासमोरचा रस्ता सोडून पलीकडच्या रस्त्याला बसू लागली, एवढीच सुधारणा झाली होती.

त्यांनी पुढचा तासभर बरणी सोडली नाही. फडकं काढलं, बरणी आडवी केली आणि उडालेली लेंडी कुठे पडते ते बघितलं. मग वीत लावून अंतर मोजलं. दोन वितीला चार बोटं कमी भरलं.

"बोटभर जनावर," ते आत्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, "आन् ह्याला कळतंय. आपल्या सरपंचाला कळत न्हाई."

दुसऱ्या दिवसापासून माझ्या नोकरीचं स्वरूप बदललं. वेचणं चालू राहिलंच, कारण दुश्मन स्वच्छ असला तरी दुश्मनच. पण बरणीतल्या अळीचा रिपोर्ट वेगळा द्यायचा. मामांनी मला शंभरपानी वही आणून दिली आणि प्रत्येक पानावर स्वतः रेघा मारून दिल्या. मी लिहू लागले. रानातून पानासकट आणलेलं एकेकटं अंडं. खसखशीपेक्षा थोडं मोठं, डाळिंबी झाक असलेलं, उलट्या वाटीसारखं. त्यातून निघालेली अळी आधी अंड्याचं टरफल खाते, मग पानाच्या कडेला छेद देऊन तेवढीच पट्टी आपल्यावर ओढून घेते आणि रेशमाचे टाके घालते. मोठी झाली की घर अपुरं पडतं. मग ते सोडून दुसऱ्या पानावर नवं बांधते. जागेवरून भाऊबंदकी नाही, कोर्टकचेरी नाही. आमच्या गावात बांधाच्या हातभर पट्टीवरून दोन घरांत तिसऱ्या पिढीचं वैर चालू होतं.

अळी कोशात गेली तेव्हा तिने घडी आतून बंद केली आणि सगळीकडे पिठासारखी पांढरी भुकटी पसरली. मामांना ती तीच पावडर वाटली. आत्यांची नजर चुकवून सुनेने टाकली, असा त्यांना संशय आला. मला शपथ घ्यावी लागली.

मग एके सकाळी पाकोळी निघाली. आम्ही तिघं बरणीभोवती जमलो. खरं सांगायचं तर मीही काही अपेक्षा बांधली होती. निघालं ते चॉकलेटी तपकिरी. अंगाने जाड, डोळे टपोरे, पुढच्या पंखांवर पांढरे ठिपके आणि मागच्या पंखावर चुना सांडल्यासारखा एक पांढरा डाग. सोंड मात्र अंगाहून लांब वाटावी अशी. ती गुंडाळायची कशी, याचा सराव ते करत बसलं होतं.

आत्या म्हणाल्या, "ह्येच्यापायी महिनाभर बरणी आडवून ठिवलीस?"

"फुलपाखरू आहे, आत्या."

"आगं, फुलपाखराला काय रंग असतो का न्हाई? हे तर दिव्यावरचं पाखरू दिसतंय."

मी मिशांची टोकं दाखवली; पतंगाच्या मिशा अशा नसतात, ह्यांची टोकं जाड होऊन आकड्यासारखी वळलेली असतात. आत्यांनी वाकून पाहिलं आणि मिशा बऱ्या असल्याचं कबूल केलं. मामांनी फडकं काढलं. ते पाखरू उडालं ते सरळ नाही; ठेच लागल्यासारखं, टुणकन इकडे, टुणकन तिकडे आणि इतक्या वेगाने की दुसऱ्या क्षणी ते हळदीच्या दिशेने नाहीसं झालं. शिवाराची एवढी सेवा करून मी पुढच्या पिढीची आई परत रानात सोडली होती. मामांच्या ते लक्षात आलं.

पंचमीला नणंद लोणंदहून माहेरी आली. तिचा नवरा तिकडे रेल्वेत होता आणि त्यामुळे तिला घड्याळाचं फार वेड होतं. शिराळ्याकडे त्या दिवशी नागांच्या मिरवणुका. आमच्याकडे नागांना त्रास नको म्हणून चिरायचं नाही, खणायचं नाही, तवा ठेवायचा नाही. आत्यांनी आदल्या संध्याकाळीच हुकूम काढला, "उद्या सरपटणारं काय बी मारायचं न्हाई. तुमच्या त्या अळ्या बी."

"म्हंजे शीजफायर," मामा म्हणाले आणि रॉकेलचा डबा उलटा घालून ठेवला.

पंचमीला पुरणाचे दिंड असतात; पुरण भरून कणकेच्या घड्या करायच्या आणि वाफवायच्या. आमच्याकडे चाळणीत हळदीचं पान अंथरायची पद्धत, वास फार छान लागतो. चिरायची बंदी म्हणून पानं आदल्या दिवशीच तोडून आणायची. कुणी आणायची? अर्थात, हळदीच्या पानांतल्या तज्ज्ञ व्यक्तीने. मी निवडून, पुसून पानं आणली. चाळणीत घातली.

जेवायला बसलो. नणंदेला दिंड पानासकट वाढला होता. तिने पानाची कड सोडवली आणि थांबली.

"आये, ह्ये काय गं? हिरवं?"

मी वाकून पाहिलं. कडेला बोटाच्या पेराएवढी छोटी घडी राहून गेली होती. महिनाभर शेकडो घड्या उलगडणाऱ्या बाईच्या नजरेतून नेमकी तीच सुटली होती. सरपटणारं काहीही न मारायच्या दिवशी मी एक जीव पुरणाबरोबर वाफवला होता.

आत्यांनी एका नजरेत सगळं ओळखलं. त्यांनी हात पुढे केला, दोन बोटांनी ते उचललं आणि शांतपणे म्हणाल्या, "वेलदोडा हाय. आख्खा पडला वाटतं पुरणात." आणि पदराआड धरून उठल्या, परसात गेल्या.

"एवढा मऊ वेलदोडा?" नणंद म्हणाली.

"वाफंनं," मामा ताटातून मान वर न करता म्हणाले.

शास्त्रीयदृष्ट्या बघितलं तर आत्या फार चुकल्या नव्हत्या. हळद, आलं, वेलदोडा एकाच कुळातले आणि ही अळी तिन्हींवर राहते. पण ते सांगायची ती वेळ नव्हती.

नणंद चार दिवस राहून गेली. त्यानंतर मी आत्यांपुढे रडले. पाप लागलं म्हणाले. आत्या तांदूळ निवडत होत्या. "लागलं तर मला लागंल," त्या म्हणाल्या. "वेलदोडा मी म्हनले. तू कशाला रडतीस?" मग एक खडा बाजूला टाकत, "पर ह्यापुढं पानं मी आणीन."

भाद्रपदात ग्रामसेवक आले. मामांनी त्यांना हळदीत नेलं, मीही मागून गेले. त्यांनी लांबूनच पानं पाहिली आणि म्हणाले, "खोडकिडा आहे. पावडर मारा."

मी म्हणाले, "खोडकिडा खोडात शिरतो, भाऊसाहेब. हा पानात राहतो. कोंब सगळे शाबूत आहेत."

"पुस्तकात खोडकिडाच दिलाय, ताई."

मामांनी एक घडी उलगडून अळी त्यांच्यापुढे धरली. ग्रामसेवक दोन पावलं मागे सरकले. "तुमी दुश्मन पयल्यांदाच बघताय जनू," मामा म्हणाले. त्या दिवशी ग्रामसेवकांनी चहा घेतला नाही. शेजारच्या हळदीत मात्र त्यांनी पावडर मारून घेतली. फाल्गुनात दोन्ही रानांतली हळद निघाली, शिजली, वाळली. आमची आणि शेजाऱ्यांची तोडीस तोड उतरली. ग्रामसेवकांनी वर कळवलं की पावडरीमुळे हळद वाचली. मामांनी गावभर सांगितलं की वेचल्यामुळे वाचली. अळ्यांना कुणी विचारलं नाही.

दरम्यान मी वही नीट उतरवून काढली, चित्रं काढली आणि माझ्या जुन्या प्राध्यापकांना पाठवली. मला वाटलं होतं, कृष्णाकाठच्या पाऊण एकरात मी काहीतरी शोधलं आहे. दोन महिन्यांनी पोस्टकार्ड आलं. ही जात परदेशी विद्वानांनी शेकडो वर्षांपूर्वीच नोंदवली आहे, निरीक्षणांत नवीन काही नाही, शुद्धलेखनाकडे लक्ष द्यावे. खाली, विवाहाबद्दल अभिनंदन. वही वेगळ्या टपालाने परत आली.

कार्ड उघडं असल्याने ते पोस्टमनने, मामांनी आणि बहुधा अर्ध्या गावाने माझ्याआधी वाचलं होतं. मी चुलीपुढे बसून राहिले. मामा उंबऱ्यापर्यंत आले, आत काही आले नाहीत.

"त्या परदेशी विद्वानानं आपल्या हिरीवरची बघितलीया का?"

"नाही, मामा."

"मग?" ते म्हणाले आणि वही मागून घेऊन गेले. मला वाटलं, ट्रंकेत ठेवतील.

दुसऱ्या दिवशी त्यांनी कडक इस्त्रीचा सदरा घातला, छातीला पदकं लावली आणि मला म्हणाले, "चला." शेजारच्या गावात हायस्कूल होतं. तिथे विज्ञानाचे मास्तर बदली घेऊन गेले होते आणि त्यांचा तास ड्रिलमास्तर घेत होते, हे त्यांना बाजारात कळलं होतं. तीन मैल आम्ही चालत गेलो. ते पुढे, मी मागे. हेडमास्तरांनी विचारलं, "बी.एड. झालंय का?"

"न्हाई," मामांनीच उत्तर दिलं. "पर ह्ये बघा." आणि वही टेबलावर ठेवली.

हेडमास्तर पानं उलटत राहिले. अळीच्या चित्रापाशी थांबले, मग कोशाच्या. "आमच्या मळ्यात पण असती ही," ते एकदम आमच्या बोलीवर आले. "लेंडी खरंच एवढी लांब जाती का?"

"दोन वितीला चार बोटं कमी," मामा म्हणाले. "मी मोजलीया."

मला तात्पुरतं घेतलं. अट एकच, पुढच्या वर्षी बी.एड. करायचं. आत्या दोन दिवस बोलल्या नाहीत, तिसऱ्या दिवशी डबा बांधून दिला. नवऱ्याला पत्राने कळवलं. त्याचं उत्तर आलं तोवर मी सहामाही परीक्षेचे पेपर तपासत होते. उत्तरात त्याने परवानगी दिली होती आणि रेडकाची चौकशी केली होती.

पुढच्या वर्षी मी बी.एड.साठी साताऱ्याला वसतिगृहात राहिले. तिथे आम्हाला मुलांना निरीक्षण कसं शिकवावं यावर फळ्याकडे बघून टिपणं उतरवून घ्यायला लावत. श्रावणात मामांचं अंतर्देशीय पत्र आलं. वर 'रिपोर्ट' असं लिहून खाली दोन रेघा मारलेल्या. मजकूर असा, "हळदीत घड्या कमी. उलगडून पाहिल्या. अकरा अळ्यांपैकी चार काळ्या पडून मेल्या. त्यांच्या अंगातून बारीक माश्या निघाल्या. बरणीत ठेवून खात्री केली. कारण कळवावे. म्हैस ठीक. सासूची तब्येत बरी."

मी वाचनालयात जाऊन पुस्तकं चाळली आणि लिहिलं की त्या माश्या म्हणजे गांधीलमाशीच्या जातीतले बारीक किडे. ते अळीत अंडी घालतात, त्यांची पिल्लं अळीला आतून खातात. दरवर्षी हे होतच असतं. म्हणूनच अळ्या कधी प्रमाणाबाहेर वाढत नाहीत आणि वेचल्या काय, न वेचल्या काय, हळदीला फारसा फरक पडत नाही.

आठवड्याने उत्तर आलं. या खेपेला वर 'रिपोर्ट' नव्हतं, खाली रेघा नव्हत्या. एवढंच होतं, "पत्र पोचले. वेचणे आजपासून बंद. तू महिनाभर उन्हापावसात वेचल्यास आणि हे ठाऊक असून बोलली नाहीस, याचे नवल वाटते."

तेव्हा ठाऊक नव्हतं, असं मी लगेच कळवलं. त्यावर त्यांचा विश्वास बसला नाही, कारण बी.एस्सी. झालेल्या माणसाला एवढं ठाऊक नसेल हे त्यांना शेवटपर्यंत पटलं नाही.